माजी

धानोरी खुर्दच्या वाचनालयात
दाखल क्रमांक दोन हजार दोनशे चौदा:
विलायतेच्या एका माजी पंतप्रधानाचं आत्मचरित्र,
नागपूरच्या कुण्या निवृत्त जज्जांनी
घर बदलताना दिलेल्या गठ्ठ्यातलं.
सहाशे ऐंशी पानं.
किराण्याच्या काट्यावर
सव्वा किलोला थोडं कमी.

तपासणीच्या दिवशी ते मोजलं जातं.
एरवी कुणी हात लावत नाही,
ग्रंथपाल असून मीही नाही.
माझं इंग्रजी बी.ए.च्या गाइडाएवढं.

ऑक्टोबरच्या एका तापल्या दुपारी
पंचफुलाबाई नेवारे आल्या,
पायरीवर चप्पल काढली, पदरानं मान पुसली.
अविश्वास ठराव होऊन तेव्हा अकरा दिवस झाले होते.
सात विरुद्ध दोन.
दोनातलं एक मत त्यांचं स्वतःचं.

गावात माजी होणं सोपं असतं,
लग्नपत्रिकेत नाव छापून येतं मरेपर्यंत.
पण बाईंनी कपाटाकडे बोट केलं:
“त्या साहेबालेबी काढलं होतं म्हनते.
वाचून दाखव न बाप्पा, त्यानं काय लिवलं.”

मी आधी सूची उघडली, सवयीनं.
आपलं कुणी सापडतं का बघायला.
बेल्जियम संपलं की लगेच बर्लिन,
मधे बेरार बसलं असतं,
तिथं दोन ओळींतली नेहमीची जागा होती, तेवढीच.
कापूस नव्हता. कुत्रा होता,
चार पानांवर, नावानिशी.

मग रोज चार ते पाच
मी अडखळत वाचायचो, मराठीत सांगायचो:
साहेबांचं बालपण, शाळेतली छडी,
मंत्रिमंडळातला जिवलग मित्र
(“हा दगा देते पाहा,” बाई दुसऱ्याच दिवशी म्हणाल्या.
तीनशे बाराव्या पानावर त्यानं दिला)
आणि शेवटची सकाळ: मागच्या दारानं सामान,
खोक्यात मुलीचे बूट,
शिपायानं नेहमीसारखाच केलेला सलाम.

बाई गप्प झाल्या तिथं.
“मी शिक्का टेबलावर ठेवला,” म्हणाल्या,
“तं शाईची डबी माह्या पिशवीतच राह्यली.
अजून घरी हाये. सुकली.”

मग ते प्रकरण आलं,
ज्यासाठी बहुतेक लोक असली पुस्तकं घेत असावेत.
साहेबांनी लिहिलं होतं:
चुका झाल्या.
मी वाचलं. पान उलटणार, तोच
“कोनं केल्या?”

मी पुन्हा पाहिलं. वाक्यात कर्ता नव्हता.
मागे नाही, पुढे नाही,
तळटिपेतही नाही.
“झाल्या, एवढंच आहे बाई.”
“आपोआप होतेत का? गाजरगवत हाये का ते?”

पुस्तक मिटलं त्या दिवशी.

सोमवारी बाईंनी शंभरपानी वही आणली,
नातवाच्या गणिताची, पुढची पानं फाडलेली.
“लिव. मी सांगतो.”
त्या बोलताना ‘सांगतो’च म्हणतात.
पहिलं पान माहेर, दुसरं सासर,
तिसऱ्यावर निवडणूक, चिन्ह कपबशी,
आणि त्या सात जणांची नावं, बापांच्या नावांसकट.
मी लिहीत गेलो.
खिडकीतून पाण्याची टाकी दिसत होती,
निळा रंग दिलेली,
जिला दोन वर्षांत एकदाही पाणी ठरलं नाही.

बाईंनीही पाहिलं तिकडे.
“लिव: टाकी गळली.”
मी लिहिलं.
पंखा तेवढा फिरत होता, कुरकुरत.
“खोड ते.”
खोडलं.
“लिव: ठेकेदाराचं बिल आलं. तपासलं नाई.
माह्या सहीनं पास झालं.”
मग थांबून,
“सहीनं नाई. म्या पास केलं. तसं लिव.”

वही मी त्यांच्यापुढे सरकवली,
शेवटी पेन ठेवलं, सही करा म्हणालो.
पंचफुलाबाईंनी पेन उचललं,
टोपण लावलं,
“आधी वाच,” म्हणाल्या,
“सुरुवातीपासून.”